बिनचिन्हाचे कॅन

माझी मोठी जाऊ शोभाबाई कुणावर उगाच संशय घेत नाही. आधी ती कारण शोधते, आणि तिला कारण सापडलं नाही असं मी या घरात आल्यापासून एकदाही झालेलं नाही. दुकानदाराचा काटा, शेजारणीचं गोड बोलणं, डॉक्टरनं लिहून दिलेली दुसरी गोळी, सगळ्यांत तिला काहीतरी काळंबेरं दिसतं. घरात आम्ही सगळे तिला जिजी म्हणतो, तिची नातसुद्धा. माझं तिच्याशी पटतं, कारण तिच्या संशयाला मी होही म्हणत नाही आणि नाहीही म्हणत नाही. भांडी घासता घासता ऐकून घेते.

तर ही नात, रुपा, हा जिजीचा जीव. रुपा झाली तेव्हा चेतना, म्हणजे जिजीची सून, बरेच दिवस अंथरुणाला खिळून होती. जिजीनं पोरीला वाटी-चमच्यानं दूध पाजून वाढवलं. आता पोरगी दुसरीत गेली तरी शाळेतून आली की दप्तर टाकून आधी जिजीकडे जायची आणि जिजीच्या हातून काहीतरी पोटात गेल्याशिवाय आईकडे बघायचीसुद्धा नाही. चेतनाला याचं कधी वाईट वाटलं असेल तर तिनं ते बोलून दाखवलं नाही. जिजीला मात्र तिच्या न बोलण्याचाही संशय होताच.

मिरचीची तोडणी चालू होती तेव्हाची गोष्ट. रुपा शाळेतून आली. जिजीनं नेहमीप्रमाणे कॅनमधून पेलाभर ताक ओतलं, वर जिरं भुरभुरलं आणि पुढं केलं. पोरगी पेल्याकडे बघेना, कॅनकडे बघत राहिली.

"जिजी, ह्या कॅनमा पयले काय व्हतं?" तिनं विचारलं.

जिजीला प्रश्नच कळला नाही. ताक होतं, ताक आहे, असं ती म्हणाली. रुपानं मान हलवली, दोन पावलं मागं सरली आणि आईकडे जाऊन माठातलं पाणी मागून प्याली. जिजीचा हात पेल्यासकट तसाच पुढं राहिला.

आता या कॅनविषयी सांगायला हवं. आमच्या सासूबाईंच्या काळापासून या घराचा रिवाज आहे, की आमच्या शेतात जो राबेल त्याला दुपारी ताक मिळणार. घरची भाकर कुणी विसरला तरी चालेल, ताक चुकायचं नाही. पूर्वी ते पितळी घागरीतून जायचं. मग एका हंगामात घागर शेतातूनच गायब झाली, जिजीनं गावातल्या निम्म्या माणसांशी बोलणं टाकलं, आणि तेव्हापासून ताक प्लास्टिकच्या कॅनमधून जायला लागलं. कॅन कुठले? फवारणीच्या औषधाचे. मिरचीला आणि पपईला फवारणी काय थोडी लागते? रिकामे कॅन खळ्यात ढिगानं पडायचे. टाकून द्यायचा जिजीचा स्वभाव नाही.

पण कॅन धुवावा तर जिजीनंच. उकळतं पाणी आणि सोडा घालून रात्रभर ठेवणार, मग राख, मग चिंचेचं पाणी, मग पुन्हा सोडा. वरचा कागद भिजवून विळ्याच्या पाठीनं खरवडून काढणार, चिकाचा एक ठिपकाही राहू देणार नाही. मग कुंपणावर उलटे टांगून उन्हात वाळवणार. असा गोरापान कॅन तयार झाला की तो नव्या भांड्यासारखा मिरवायचा. नणंद सारंगखेड्याहून आली की तेलासाठी दोन घेऊन जायची, चेतनाच्या माहेरीही गेले होते. मीसुद्धा माझ्या बहिणीला दिला होता, खोटं कशाला बोलू.

त्या दिवसानंतर रुपानं ताक सोडलं. मग जिजीच्या हातचं लोणी सोडलं, कारण ते ताकाच्या बाजूला असतं. मग जिजीनं भाकरीचा घास पुढं केला तरी ती आईकडे बघायची, आई हो म्हणाली तरच तोंड उघडायची. जिजीच्या वाट्याला यापेक्षा मोठी शिक्षा नव्हती. ती रात्री जेवेना. मला म्हणाली, ही पोरगी माझ्या हातून तुटली तर मी कुणासाठी जगायचं. इतकं साधं ती कधी बोलत नाही.

लवकरच कळलं की शाळेत कार्टून दाखवलं होतं. ग्रामपंचायतीनं शाळेला मोठा टीव्ही दिला आहे, त्यावर सरलाबाई, म्हणजे शाळेच्या मॅडम, दर आठवड्याला मुलांना आरोग्याचं काहीतरी दाखवतात. आधी हात धुण्याचं झालं, मग तंबाखूचं झालं आणि आमच्या गल्लीतल्या दोन म्हाताऱ्यांना नातवंडांनी मशेरी लपवायला लावली. आताचं होतं विषारी औषधांचं. रुपानं सगळी गोष्ट सांगितली. त्यात एक निळ्या सदऱ्यातलं मुंगूस असतं, एक दात विचकणारा कॅन असतो आणि एक हिरव्या लुगड्यातली आजी असते. ती आजी त्या कॅनमधून नातवाला ताक देते.

एवढं ऐकलं आणि जिजी उठून बसली. हिरवं लुगडं, ताक आणि कॅन. आता सांगा, हे आपलंच घर नाही तर कुणाचं?

मग संशयाची पाळी लागली. पहिला नंबर सुनेचा. चेतना शहाद्याची, शिकलेली, फोनवर मॅडमशी बोलणारी. तिनंच घरातली गोष्ट बाहेर नेली आणि पोरीला आपल्याकडे ओढायला हे सोंग रचलं, असं जिजीनं ठरवलं. चुलीपाशी एवढंच म्हणाली, "पोरना तोंडमा कोना शब्द शेतस ते माले समजस." चेतनानं हातातली पळी खाली ठेवली आणि आत निघून गेली. त्या दिवसापासून घरात तीन बायका आणि तिघींची तोंडं तीन दिशांना. मी मधली, म्हणजे दोन्हीकडून मार खाणारी.

दुसरा नंबर प्रिस्किलाच्या मायचा. ही नवापूरकडच्या डोंगरातली बाई, नवरा दानियल आणि दोन पोरी घेऊन तोडणीसाठी आमच्या शेतातल्या झोपडीत राहते. मोठी प्रिस्किला रुपाच्या वर्गात, दोघी एकाच सतरंजीवर बसतात. धाकटी अजून शाळेत जात नाही. जिजीचं म्हणणं असं की रोज आपलं ताक पिऊन ही माणसं मॅडमकडे जाऊन आपलीच बदनामी करतात. मी म्हटलं, जिजी, ती बाई दिवसभर वाफ्यात वाकलेली असते, ती मॅडमला गाठणार कधी? तर म्हणे, पोरगी आहे ना निरोप्या. जिजीपुढं कुणाची शहाणपट्टी चालत नाही.

शेवटी तिनं ठरवलं, शाळेतच जायचं. मॅडमनं रुपासमोर सांगायचं, की जिजीचा कॅन चांगला आहे. एकदा मॅडम बोलली की पोरगी ऐकेल आणि पुन्हा हातातून पेला घेईल. दुसरं तिला काही नको होतं. पुरावा म्हणून तिनं सगळ्यात गोरा कॅन निवडला, ताज्या ताकानं भरला, कोथिंबीर घातली आणि कडेवर घेतला. मला म्हणाली, चल. मी साक्षीदार.

सरलाबाई भली बाई. तिनं खुर्ची दिली, पण जिजी मुलांमध्ये सतरंजीवर बसली. रुपा पार कोपऱ्यात, प्रिस्किलाच्या आडोशाला. जिजीनं फर्मान सोडलं की ते कार्टून आधी मला दाखवा. मॅडमनं टीव्ही लावला.

कार्टून छान होतं, मला आवडलं. मुंगूस उड्या मारत येतं, कॅनच्या पोटावर एक चौकोन दाखवतं, टोकावर उभा केलेला, वरच्या भागात कवटी आणि खाली लाल रंग. मुंगूस म्हणतं, हे चिन्ह दिसलं की हात लावायचा नाही, तोंडाला लावायचं नाही, मोठ्यांना सांगायचं. सगळी पोरं त्याच्याबरोबर मोठ्यानं म्हणत होती. मग ती आजी आली. जिजीनं मला कोपरानं ढोसलं आणि म्हणाली, नाक बघ. मी बघितलं. नाक खरंच तिच्यासारखं होतं.

टीव्ही बंद झाल्यावर जिजीनं सरळ विचारलं, आमच्या घरचं तुम्हाला कुणी सांगितलं. सरलाबाई गोंधळल्या. म्हणाल्या, काकू, हे मी नाही बनवलं, हे पुण्याहून येतं, सगळ्या जिल्ह्यांतल्या शाळांत हेच दाखवतात.

"पुण्याले कोनी सांगं मंग?" जिजी म्हणाली.

मॅडमला हसू आवरेना. जिजीनं कॅन कडेवरून उतरवला, टीव्हीसमोर ठेवला आणि सगळ्या बाजूंनी फिरवून दाखवला. "दखाडा माले, कोठे शे ते चिन्ह?"

चिन्ह नव्हतंच. पोरं पुढं सरकून बघायला लागली. कुणी कॅन खालून बघितला, कुणी झाकण बघितलं. नाही, नाही, असा गलका झाला. रुपासुद्धा कोपऱ्यातून पुढं आली, कॅनवरून बोट फिरवलं आणि पहिल्यांदा जिजीकडे बघून थोडीशी हसली. जिजीचं तोंड असं उजळलं की मलाही बरं वाटलं. पोरांनी खिचडीच्या ताटल्या-पेले काढले आणि रांग लावली. मॅडम घाईनं मध्ये आल्या, थांबा थांबा, कुणी पिऊ नका म्हणाल्या. प्लास्टिकमध्ये औषध मुरतं, कितीही धुतलं तरी जात नाही, असं काहीतरी त्या सांगू लागल्या. पण पोरांना मुंगसाचं पाठ होतं, मॅडमचं नव्हतं.

रांगेत सगळ्यात पुढं प्रिस्किला होती. ओळखीचं ताक, म्हणून धीट. जिजी मॅडमकडे बघून म्हणाली, विचारा हिला, ही रोज पिते, हिला कधी काही झालं का. आणि प्रिस्किलाला म्हणाली, सांग गं मॅडमला.

प्रिस्किला शाळेतली मराठी बोलते, मॅडमसमोर तर अगदी नीट. ती म्हणाली, "मी आधी चिन्ह बघते, आजी. तुमच्या कॅनवर नसतं, म्हणून आम्ही पितो. झोपडीतल्या दुसऱ्या कॅनवरपण नाही."

"कोनता दुसरा कॅन?" जिजीनं विचारलं.

"काल संध्याकाळी नानांनी ठेवला तो. त्यातपण पांढरं ताक आहे. आम्ही आज दुपारी पिणार आहोत, मी आणि लहानी."

नाना म्हणजे माझे थोरले दीर, जिजीचे यजमान हिंमतराव. काल संध्याकाळी ते मिरचीवर फवारणी करून आले होते, हे जिजीलाही ठाऊक होतं आणि मलाही. औषध पाण्यात मिसळलं की दुधासारखं पांढरं होतं, हे तर आमच्याकडे शेंबड्या पोराला माहीत. आणि झोपडीत ताक काल गेलंच नव्हतं, जिजी रुसून बसली होती म्हणून.

जिजीनं कॅन तिथंच टाकला. तिचे गुडघे दुखतात, जिना चढताना ती मला शिव्या घालते, पण त्या दिवशी मी तिला गाठू शकले नाही. शाळेच्या मागून बांधाची वाट आहे. वाटेत एकदा ती मागं न बघताच म्हणाली, लहानी कुठं असेल. मी म्हटलं, मायजवळ असेल. पण मला माहीत होतं, पोरीला खोकला होता आणि ती झोपडीतच होती.

होतीच. झोपडीच्या सावलीत बसली होती, पुढ्यात कॅन, जिजीच्या हातचा, चिकाचा ठिपका नसलेला. अर्धा रिकामा होता म्हणून तिला तो कलता करता आला होता. दोन पेले पांढरे भरून तिनं दगडावर ठेवले होते, एक स्वतःसमोर आणि एक बाजूला. थोडं मातीत सांडलं होतं. वास येत असणार म्हणाल, पण आमच्या खळ्यात आणि झोपडीत सगळ्यालाच फवारणीचा वास असतो, कुणाचं नाक तिकडे जात नाही.

जिजीनं दोन्ही पेले उचलून दूर भिरकावले आणि पोरीला छातीशी धरलं. तिचं तोंड उघडून वास घेतला, पुन्हा घेतला, जीभ बघितली. पोरगी घाबरून रडायला लागली. मी विचारलं, प्यालीस का. ती नाही म्हणाली. का नाही प्यालीस? तर म्हणे, ताई आल्याशिवाय प्यायचं नाही. ताई आधी कॅन बघते.

ताई आली असती. तिनं शिकवल्याप्रमाणे कॅन चारी बाजूंनी फिरवून बघितला असता, चिन्ह नाही म्हणाली असती आणि दोघी प्याल्या असत्या. पुण्याच्या मुंगसानं आपलं काम केलं होतं. कागद खरवडून काढणारी आमची जिजी त्याला कुठून ठाऊक असणार?

तेवढ्यात शाळेतलं ताक ओतून देऊन सरलाबाई मागोमाग गाडीवरून आल्या. पोरीचे हात साबणानं धुतले, कपडे बदलले, आणि तिला दवाखान्यात नेऊन दाखवूनही आणलं. डॉक्टरनं तपासून काही नाही म्हटलं. जिजीला त्या डॉक्टरचाही संशय असतो, पण त्या दिवशी तिनं त्याला हात जोडले.

हिंमतराव आले आणि झाला प्रकार ऐकून कपाळाला हात लावून बसले. उरलेलं औषध आज संध्याकाळी मारणार होते, तेवढ्यापुरतं ठेवलं होतं. जिजीनं विचारलं, माझाच कॅन का घेतलात. ते म्हणाले, "तुन्हा कॅन स्वच्छ ऱ्हास, म्हनीसन तोच लिधा."

घरी येऊन तिनं कोयता घेतला आणि कुंपणावरचे, माळ्यावरचे, तेलाचे, ताकाचे सगळे कॅन एकेक करून फोडले. पुन्हा कुणाला भरता येऊ नये असे फोडले. मग मला नातलगांना फोन लावायला बसवलं. नणंदेला वाटलं, जिजीला कॅन परत हवेत, ती चिडून म्हणाली, दिलेली वस्तू कुणी मागतं का. चेतनाच्या आईनं तर काही वाद झाला का असं दबक्या आवाजात विचारलं. जिजीनं फोन माझ्या हातून घेतला आणि विहीणबाईंना स्वतः सांगितलं, की चूक माझी, तुमच्या पोरीची नाही, कॅन फोडून टाका. चेतना दारात उभी होती. रात्री जिजीचं ताट तिनं वाढलं.

दुसऱ्या दिवशी जिजीनं स्टीलच्या नव्या डब्यात ताक काढलं. रुपा जवळ येऊन उभी राहिली आणि विचारलंच, ह्यात आधी काय होतं. जिजी म्हणाली, काही नाही, आजच दुकानातून आणला, तुझ्या आईनं धुतला. पोरीनं पेला घेतला आणि गटागटा प्याली, ओठांवर पांढरी मिशी. जिजीला जे हवं होतं ते मिळालं. मला वाटलं ती आता हसेल, पण तिनं फक्त पोरीचं तोंड पदरानं पुसलं आणि डबा उचलून शेताची वाट धरली.

दुपारची वेळ होती. दानियल आणि प्रिस्किलाची माय बांधावर भाकरी सोडून बसले होते, धाकटी मायच्या मांडीवर. काल काय झालं ते त्यांना कळलेलं होतं. जिजीनं आधी स्वतःसाठी ओतलं आणि त्यांच्यासमोर प्याली. मग दुसरा पेला भरून प्रिस्किलाच्या मायपुढं धरला.

बाईनं पेला घेतला. आत बघितलं. नाकाजवळ नेला. मग हळूच बांधावर ठेवून दिला आणि जिजीकडे बघून विचारलं, "मंग इतला दिन आमले काय पाजं तुम्ही?"

आवाज चढा नव्हता. भांडणही नव्हतं. मला वाटलं जिजी आता उसळेल, घराण्याचा रिवाज सांगेल, सोडा आणि चिंच सांगेल. ती बोलली, पण एवढंच, की मला माहीत नव्हतं. बाईनं मान हलवली आणि कोरडी भाकर खायला लागली. दानियलनंही पेल्याला हात लावला नाही. ताकावर माश्या बसायला लागल्या, तशा आम्ही दोघी उठलो.

परतताना डबा भरलेला, म्हणून मी एका बाजूनं धरला. मी म्हटलं, जिजी, मनाला लावून घेऊ नका, दोन दिवसांत विसरतील.

"ती मन्हावर संशय ली ऱ्हायनी, चारू," जिजी म्हणाली. "लेऊ दे. तिनी लेवालेच पायजे."